उजवा डोळा झाक

पेंटविन, रविवार, १८ जानेवारी १८९१

चि. केझाया हिस इथेलदादाचे अनेक आशीर्वाद.

आम्ही खुशाल. कार्डिफला राहून तू आपली वेल्श सोडून चर्चमध्ये इंग्रजी भजनं म्हणतेस असं कानावर आलं. घाबरू नकोस, आईला सांगितलेलं नाही.

रग्बीत इंग्लंडशी हरलो ते तू वाचलंच असशील. चौथ्यांदा वेल्सची लाल जर्सी अंगात घातली आणि मार खाऊन आलो. पण लिहायचं कारण वेगळंच आहे. नोव्हेंबरात पत्र्याच्या कारखान्यात भट्टीची ठिणगी उडाली, तेव्हापासून डाव्या डोळ्यापुढे नुसतं धुकं आहे. परवाच्या सामन्यात त्या बाजूने धावत आलेला गडी मला दिसलाच नाही, छातीवर आदळला तेव्हा कळलं. लोकांना वाटलं, इथेल मुद्दाम आडवा गेला. पाठ थोपटली माझी!

स्क्रममध्ये समोरच्यांना खांदा भिडवून, डोकं खाली घालून रेटायचं असतं, तिथे डोळे कुणाला लागतात? पण मुकादमाला कळलं तर भट्टीवरून काढील, आणि समितीला कळलं तर संघातून. आईलाही बोललो नाही. तुला सांगितल्यावाचून राहवलं नाही, लहानपणापासूनची खोड. लुइसला मात्र सांगू नकोस. नवरा तुझा भला आहे, पण खेळाडू निवडायला तोच बसतो.

पत्र लवकर टाक.
तुझा दादा


कार्डिफ, गुरुवार, २२ जानेवारी

ती. दादास केझायाचा मनापासून नमस्कार.

पत्र दोनदा वाचलं. एकदा डॉक्टरला दाखव रे, माझी शपथ आहे. तुझी गोष्ट माझ्यापाशीच राहील, बायबलवर हात ठेवून सांगते.

लुइसचा धाकटा भाऊ एमरिस महिनाभर आमच्याकडे राहायला आलाय. रोज पहाटे धावतो आणि आल्यावर सहा अंडी खातो. तोही तुझ्यासारखा स्क्रममधलाच. मी त्याला चिडवते, की आमचा दादा आहे तोवर तू नुसती अंडीच खा.

इंग्रजी भजनांचं खरं आहे. पण सूर आपलेच लावते.

तुझी माया आहे तशीच ठेव.
केझाया


पेंटविन, रविवार, १ फेब्रुवारी

चि. केझाया हिस आशीर्वाद.

गुरुवारी समितीने मला कार्डिफला बोलावलं. टेबलामागे पाच जण बसले होते. लुइस खिडकीबाहेर बघत होता, जसं काही रस्त्यावर मिरवणूकच चालली होती. अध्यक्षांनी तब्येत विचारली, आईची चौकशी केली, आणि मग अगदी गोड आवाजात म्हणाले, की प्रोबर्ट, जरा उजवा डोळा झाक आणि भिंतीवरच्या घड्याळात किती वाजले सांग. मी अंदाजाने पावणेतीन म्हटलं. सव्वाबारा वाजले होते.

आधी डावा झाकायला सांगितलं असतं, तर समजलो असतो की चाचपडतायत. नेमका उजवाच झाकायला लावला, केझाया.

स्कॉटलंडविरुद्ध माझ्या जागी एमरिस जाणार आहे. शुक्रवारी कामावर गेलो तर मुकादमालाही ठाऊक झालेलं. आता मी आवार झाडतो. भट्टीवरची पोरं बघून न बघितल्यासारखं करतात, ते झाडण्यापेक्षा जड जातं.

त्या दिवशी तुझं घर दोन गल्ल्यांवर होतं. आलो नाही. एवढंच कळव, तू सांगितलंस, की त्याने माझं पत्र चोरून वाचलं? चोरून वाचलं म्हणालीस तर मी मानेन. पुन्हा विचारणार नाही.
दादा


कार्डिफ, बुधवार, ४ फेब्रुवारी

ती. दादास नमस्कार.

चोरून वाचलं, असं लिहून दोन कागद फाडले. तिसऱ्यावर खरं लिहिते. मीच दिलं. तुझं पत्र आलं त्याच संध्याकाळी. तुला बायबलची शपथ लिहिली, तेव्हा ते पत्र लुइसच्या कोटाच्या खिशात होतं.

उरलेला डोळाही कुणाच्या बुटाखाली जाईल, या भीतीने झोप उडाली होती. हे खरं आहे. एमरिसला जागा मिळाली तर या घरात माझ्या शब्दाला जरा वजन येईल, हेही मनात आलं. तेही खरंच. आधी कुठलं आलं, ते आता माझं मलाच सांगता येत नाही. कारखान्यात अक्षर जाणार नाही, असं लुइसने कबूल केलं होतं. तो म्हणतो, समितीतल्या दुसऱ्या कुणी सांगितलं असेल. मी त्याच्याशी बोलत नाही.

रागव, शिव्या दे, पण उत्तर दे.
तुझीच केझाया


पेंटविन, रविवार, १५ फेब्रुवारी

सौ. केझाया पॅरी हिस,

स्कॉटलंडने आपल्याला चांगलंच तुडवलं. एमरिस जिवाच्या आकांताने रेटत होता म्हणे. त्या पोराचा दोष नाही, त्याला तसं सांग.

काल गावच्या संघातून खेळलो. सोबतचा गडी डेव्ही माझ्या डाव्या हाताला राहून, कोण आला, कोण गेला, ते ओरडून सांगत होता. समोरचे हसत होते. आम्ही जिंकलो.

तुझं पत्र पोस्टमनने आईच्या हातात दिलं. ती ते उराशी धरून दारात माझी वाट बघत होती. तिला अक्षर येत नाही, वाचून दाखव म्हणाली. मी कागदावर नजर ठेवली आणि तुझ्या नावाने मनाचंच वाचलं. दादाला काढलं हे कळताच मी लुइसशी भांडले, समितीच्या दारात जाऊन उभी राहिले, माझ्या भावासारखा गडी दाखवा म्हटलं, दोन दिवस जेवले नाही. आईच्या डोळ्याला पाणी आलं. म्हणाली, अशी बहीण नशिबाने मिळते, पुन्हा वाच. पुन्हा वाचलं. वाचताना मलाच क्षणभर खरं वाटलं.

तिच्यासाठी पत्रं पाठवत जा. काय हवं ते लिही. मी ते वाचणार नाही, तिला मनाचंच ऐकवीन.

आईचा लोभ तुझ्यावर पहिल्यासारखाच आहे.
इथेल प्रोबर्ट