टोपाचा पट्टा

प्रिय सुप्रभा,

तुझी साडी पोचली. घडी मोडली नाही, तशीच परत पाठवतेय आणि तिच्यातच हे पत्र ठेवतेय. रागवायचं ते पूर्ण वाचून झाल्यावर रागाव. फोनवर हे जमत नाही. कुश शेजारी बसलेला असतो, आणि तू मला दोन वाक्यं धड बोलू देत नाहीस, ताई तुझे उपकार, ताई तुझे उपकार, एवढंच चालू असतं. माझं लिहिणं चौथीचं आहे. चुका काढत बसू नकोस.

आधी लेकाची खबर घे. उजवी मूठ आता अर्धी वळते. चमचा धरतो, शर्टाचं बटण लागत नाही. काल पिनर स्टेशनपर्यंत एकटा जाऊन आला, मी पन्नास पावलं मागे होते, त्याला कळू दिलं नाही. बोलता बोलता शब्द अडकला की डोळे मिटतो, सापडला की उघडतो. त्या दिवसाचं मात्र त्याला काही आठवत नाही. सकाळी पोहे खाल्ले, इथवर आठवतं. पुढे एकदम हॉस्पिटलचं छत.

तुला वाटतं ती नाटकातली तलवारबाजी होती. मीही तुला तसंच सांगितलं होतं. खोटं होतं ते. तलवारी लोखंडी असतात, फक्त धार बोथट करतात. कुऱ्हाडी असतात, गदा असतात. पाच जण इकडे, पाच तिकडे, आणि कुंपणाच्या आत एकमेकांना आडवं करायचं. जो पडला तो त्या फेरीपुरता बाद, त्याला कोणी हात लावत नाही. आठवडाभर कॉम्प्युटरपुढे बसणारी ही पोरं शनिवारी क्रॉयडनच्या एका हॉलमध्ये जमायची आणि एकमेकांना कुटायची. यांच्या टोळीचा पांढरा झगा, त्यावर लाल क्रॉस. आठशे वर्षांपूर्वी असे खरेच होते म्हणे, अर्धे साधू, अर्धे शिपाई. लग्न नाही, घरदार नाही, देवाचं नाव घ्यायचं आणि माणसं कापायची.

चिलखताच्या आत जाड कोट लागतो, नाहीतर मार हाडापर्यंत जातो. विकतचा कोट कुशला खांद्यात आवळायचा. मी इथल्या बायकांचे ब्लाउज शिवते, पुरुषांच्या पॅन्ट आखूड करते, मला काय अवघड. आईच्या गोधडीसारखे थर लावले आणि हाताने टाके घातले. मग टोळीतले बाकीचे चौघेही आपापले कोट घेऊन दारात. मी टाके घालायची आणि कुश समोर बसून त्या साधूंच्या गोष्टी सांगायचा. एकावर तीन चालून आले तरी पाय मागे घ्यायचा नाही. समुद्राकाठच्या एका किल्ल्यात शेवटचे उरलेले बुरुजात अडकले, शत्रूने खालून पाया पोखरला, बुरूज बसला, मारणारे आणि मरणारे एकाच दगडांच्या ढिगात. हे ऐकताना माझी सुई थांबत नसे. उलट हात भरभर चालायचा.

आणखी एक सांगायचा. दर रविवारी ते साधू सगळे एका खोलीत बसत. ज्याच्याकडून चूक झाली त्याने आपण होऊन उठायचं, टोपी काढायची, गुडघ्यावर बसून सगळं बोलायचं. मग खोलीबाहेर जायचं. त्याचं काय करायचं ते आतले ठरवणार, आणि मग त्याला आत बोलावणार. कोणाला चामड्याच्या पट्ट्याने फोडत. मोठी चूक असली तर झगा काढून घेत, आणि वर्ष आणि एक दिवस जमिनीवर बसून जेवायला लावत. चूक लपवली आणि मग उघडी पडली, तर त्याहून वाईट.

पट्ट्याचं तुला मी कधी सांगितलं नाही. तुझे भाऊजी, मुरलीधरराव, गेले तेव्हा तू फोनवर रडलीस, किती शांत माणूस होता म्हणालीस. बाहेर शांतच होते. हॉस्पिटलच्या किचनमधून घरी आले की आधी बूट काढायचे, मग पट्टा. एकोणीस वर्षं. एकदा बक्कल लागून कानामागे तीन टाके पडले, डॉक्टरला मी सांगितलं कपाटाचं दार लागलं. मी कधी हात उचलला नाही. खाली पडून राहायची, पडलेल्याला सोडतील म्हणून. मुरलीधररावांना तो नियम माहीत नव्हता.

म्हणून त्या मारामाऱ्या मला आवडायला लागल्या. लिहून टाकते एकदाचं. डोक्यावरच्या लोखंडी टोपावर गदा बसली की जो आवाज येतो, तो ऐकून मला जेवण गोड लागायचं.

सप्टेंबरात केंटमध्ये एका पडक्या किल्ल्याशेजारी सामना होता. कुशचं चिलखत बांधायचं काम माझं, म्हणून कुंपणापाशी मी. समोरच्या टोळीत एक धिप्पाड माणूस होता, खांदे असे पुढे आलेले, मान आखूड, चालही तीच, मुरलीधररावांची.  पहिल्याच फेरीत त्याने कुशच्या टोपावर मागून कुऱ्हाड घातली. कुश आडवा झाला, मग कसाबसा उठून माझ्याकडे आला. टोप काढला तर आत ओकलेला. म्हणाला, मावशी, दोन दोन दिसतायत. मला बसू दे.

ऐकलंस ना. बसू दे म्हणाला.

दुसऱ्या फेरीआधी पंच आला. इंग्रजीत विचारलं, हा ठीक आहे का. तिथे नियम असा की चिलखत बांधणाऱ्या माणसाने नाही म्हटलं की खेळाडू बाहेर. मी म्हटलं, येस, फाइन. मग ओढणीने त्याचं तोंड पुसलं आणि मराठीत म्हटलं, तीन अंगावर आले तरी ते साधू हलत नव्हते, आणि तू एकाला घाबरून बसतोस? जा, तोड त्याला. टोप चढवला, हनुवटीखालचा पट्टा आवळून बांधला आणि पाठीत हात देऊन आत ढकललं.

तो गेला. माझं ऐकून गेला. त्या धिप्पाड माणसाच्या तोंडावर त्याने तीन वार घातले, टोपाची जाळी आत वाकली, नाकातून रक्त बाहेर आलं, आणि मी कुंपणाला धरून ओरडत होते, अजून, अजून. दुसऱ्याची गदा कुशच्या कानावर बसली तेव्हाही मी त्या रक्ताकडेच बघत होते. वळले तेव्हा तो पडलेला होता आणि पाय झाडत होता. माझ्याच गाठीचा पट्टा माझ्याकडून सुटेना. शेवटी कोणीतरी सुरीने कापला. टोप निघाला तसं कानातून रक्त माझ्या मांडीवर आलं.

मी काय बोलले ते तिथे कोणाला कळलं नाही, आणि कुशला आठवत नाही. म्हणजे जगात फक्त मला माहीत होतं. तेव्हापासून मी जमिनीवर बसून जेवते. कुश विचारतो, गुडघे दुखतात ना, मग खाली का बसतेस. ती गोष्ट त्यानेच मला सांगितलेली, आणि तोच ओळखत नाही.

तू लिहिलंस की त्याचा व्हिसा डिसेंबरात संपतो, वकील वाढवून देत असेल तर तो माझ्याकडेच राहू दे, माझ्यामुळे वाचला, आईपेक्षा मावशी बरी. तू असं लिहिलंस म्हणून हे लिहायला बसले. तो गेला तर या घरात मी राहणार कशी, ते मला माहीत नाही. पण हे न सांगता त्याला ठेवून घेतला तर तो चोरलेला होईल. साडी तू उपकारांची म्हणून पाठवलीस, हे वाचूनही द्यावीशी वाटली तर तूच हाताने दे. न्यायचा तर घेऊन जा, मी त्याची बॅग भरून देईन आणि त्याला खरं सांगायचं ते तुझ्यादेखत सांगेन. माझं बोलून झालं. आता मी खोलीबाहेर उभी आहे. ठरव, आणि मग मला आत बोलाव किंवा बोलावू नकोस.

तुझीच,
शैलाताई