चपलेची वादी

प्रिय पक्कड,

या नावानं तुला हाक मारून किती वर्षं झाली! चार महिन्यांचा होतास, माझं बोट एकदा मुठीत धरलंस की सोडायचं नाव नाही. म्हणून मी दुकानातल्या अवजाराचं नाव तुला दिलं आणि तुझी अम्मी आठवडाभर माझ्याशी धड बोलली नाही. आज ती असती तर हे पत्र तिनंच लिहिलं असतं, आणि माझ्यापेक्षा सरळ लिहिलं असतं. माझं अक्षर तुला माहीत आहेच, कोंबडी शाईतून चालत गेल्यासारखं. तरी शेवटपर्यंत वाच. फोनवर सांगता आलं असतं, पण फोनवर तू मला वाक्य पुरं करू देत नाहीस. तुमच्या साइटवरचा क्रेनवाला सुट्टी संपवून परत निघालाय, त्याच्या हाती हे पाकीट देतोय.

माझा गुडघा तसाच आहे, ना बरा ना वाईट. दुकान चालू आहे. लोक हल्ली चप्पल तुटली की नवी घेतात, पण शाळा सुरू झाल्या की बुटांचे तळ उघडतात आणि माझं भागतं. शेजारचा मोबाइल दुरुस्तीवाला तुझी आठवण काढतो.

तुला आठवतं का, सात वर्षांचा असताना तू आठवडाभर अनवाणी शाळेत गेला होतास? हाफिजजींनी मशिदीत मुलांना कयामतच्या निशाण्या सांगितल्या होत्या. काळ आखडत जाईल, वर्ष महिन्यासारखं सरेल आणि महिना आठवड्यासारखा. अनवाणी फिरणारे मेंढपाळ उंच उंच इमारती बांधण्यात चढाओढ करतील. रानातली जनावरं माणसांशी बोलतील, चाबकाचं टोक बोलेल, चपलेची वादी बोलेल, आणि आपल्या माघारी घरच्यांनी काय केलं ते माणसाला त्याची मांडी सांगेल. बाकीची पोरं सूर्य पश्चिमेकडून उगवणार म्हणून रडली. तू चपलेला घाबरलास. कुणाची तरी कंपासपेटी उचलली होतीस ना! मी तुझी चप्पल कानाला लावली आणि म्हणालो, ही काही बोलायची नाही, हिचं तोंड मी मेणाच्या दोऱ्यानं शिवलंय. तेव्हा कुठे हसलास आणि पाय घातलास.

गेल्या सुट्टीत तू सूनबाईसाठी त्या जाड तळाच्या तपकिरी चपला आणल्यास. माझ्या घरात विकतची चप्पल, म्हणून मी तुझी थट्टा केली. तू हसला नाहीस. म्हणालास, अब्बा, बाहेर जाताना ती ह्याच घालेल एवढं बघा. मला वाटलं, लांब राहणाऱ्या नवऱ्याचं प्रेम असं असतं. तू गेल्यावर एकदोनदा ती जुन्या चपला घालून निघाली, तर मीच तिला दारातून परत फिरवलं.

मग तुझे फोन बदलले. आधी तू मला विचारायचास, आज ती कुठे गेली होती, आणि मी सांगायचो. त्यात काही वावगं आहे असं माझ्या मनातही आलं नाही. पुढे पुढे तू विचारायचं सोडून सांगायला लागलास. औषधाच्या दुकानासमोर ती बारा मिनिटं का उभी होती? माझ्या गुडघ्याचं मलम मागच्या खोलीतून आणायला त्या माणसाला तेवढा वेळ लागला, म्हणून. शिवणाच्या क्लासला जाताना ती शाळेमागच्या गल्लीतून का गेली? पुढचा रस्ता खणलाय, म्हणून. दर वेळी कारण साधंच निघायचं, पण ते सांगताना तिचा आवाज चोरासारखा व्हायचा. तिला वाटलं, फोनमुळे कळत असेल. तिनं फोन घरी ठेवून जायला सुरुवात केली. तरी तुला कळायचंच.

मग घरात भलतंच काहीतरी शिरलं. भरदुपारी, खिडक्या उघड्या असताना, ती कुजबुजत बोलायला लागली. मांजर कठड्यावर येऊन बसलं की वाक्य अर्ध्यावर सोडायची. रस्त्यावर कुणी ओळखीचं भेटलं तर मान खाली घालून पुढे जायची, आणि तरी संध्याकाळी तू तिला विचारायचास, अमक्या वळणावर थांबलीस का? एक दिवस तिनं मला विचारलं, अब्बा, जिन माणसाची चहाडी करतात का? मी तिला रागावलो. पण खरं सांगतो, त्या दिवसापासून घरात पाऊल टाकताना मी स्वतः रक्षणासाठी आयतुल कुर्सी पुटपुटायला लागलो. वाटायचं, खोलीत आपण दोघंच नाही.

गेल्या महिन्यातल्या एका मंगळवारी सकाळी ती माझ्यासमोर त्या चपला घेऊन उभी राहिली. एका चपलेची वादी तुटली होती. तिनंच तोडली होती, हे नंतर कळलं. म्हणाली, अब्बा, ह्या दुकानात घेऊन जा, संध्याकाळी आणा, मी आज दाराबाहेर पाय टाकणार नाही. मी वादी शिवली आणि जोड फळीवर ठेवून दिला. गिऱ्हाइकाला नवरदेवाचे बूट हवे होते, त्या गडबडीत दिवस गेला. संध्याकाळी पाच वाजता तुझा फोन आला. तू सलामही केला नाहीस. म्हणालास, अब्बा, आज दिवसभर ती तुमच्या दुकानात बसून काय करत होती?

समोर फळीवर रिकाम्या चपला होत्या, अंगठे माझ्याकडे केलेल्या. फोन ठेवला, शटर अर्धं ओढलं आणि डावी चप्पल मांडीवर घेतली. चाळीस वर्षं हेच काम केलंय, परक्या हाताचा टाका मला बोटानंच कळतो. टाचेजवळचे सहा टाके कारखान्याचे नव्हते. रापीच्या पात्यानं ते उसवले. तळाच्या आत कोरून जागा केली होती आणि तिथे कोटाच्या बटणाएवढी एक पांढरी चकती बसवलेली होती. मोबाइलवाल्याला दाखवली. तो म्हणाला, चाचा, ही जिथे जाते तिथलं ठिकाण मालकाच्या फोनवर दिसतं. माणूस समुद्रापार असला तरी. मी विचारलं, तो फोन ठेवतो कुठे? तो हसला. म्हणाला, पँटच्या खिशात, आणखी कुठे? मांडीवर.

मी तसाच हाफिजजींकडे गेलो. आता ते बिछान्याला खिळलेत, दिसतही नाही. चकती त्यांच्या तळहातावर ठेवली आणि सगळं सांगितलं. विचारलं, कयामतची ती घटका हीच का? त्यांनी चकती बोटांनी चाचपली. म्हणाले, ती घटका कधी, ते अल्लाहलाच ठाऊक. पण ह्यात मला तुझीच काळजी वाटते. चप्पल बोलली. तू काय बोललास?

मी काहीच बोललो नव्हतो, बाळा. गेल्या सुट्टीत, आतल्या खोलीत तू तिला एकेक दिवसाचा हिशोब विचारत होतास. आवाज चढत गेला, मग काहीतरी आपटलं, मग तिचा आवाज बंद झाला. मी बाहेर बसलो होतो. मी टोपी घातली आणि नमाजला अर्धा तास असताना घरातून निघून गेलो. दुसऱ्या दिवशी तिचं मनगट सुजलेलं होतं. मी विचारलं नाही, तिनं सांगितलं नाही. तुझी अम्मी असती तर दार तोडून आत गेली असती.

आता तुझ्यापासून लपवलेलं सांगतो. गेले नऊ दिवस ती या घरात नाही. मीच तिला बसमध्ये बसवून दिलं. निघताना तिनं जुन्या चपला घातल्या होत्या. फोनवर तुझ्याशी बोलायची ती तिथूनच, आणि तिच्या फोनचा कॅमेरा बिघडलाय हे खोटं मी बोललो, ते माझ्या खात्यावर लिही. चकती मी रोज खिशात घालून फिरत होतो. घर, बाजार, शिवणाचा क्लास, परत घर. गुडघा ओरडत होता. तू फोनवर म्हणालास, आता ती शहाण्यासारखी वेळेवर घरी येते. मी भर रस्त्यात खांबाला धरून उभा राहिलो.

ती चकती या पाकिटातच आहे. दोन दिवस तुला फोनवर दिसलं असेल की ती विमानतळावर गेली आणि समुद्र ओलांडून तुझ्याच दिशेनं येतेय. कदाचित ती आली म्हणून तू साइटच्या फाटकापर्यंत धावतही गेला असशील. तिथे क्रेनवाला उभा दिसला असेल. तुला घाबरवायची इच्छा नव्हती, पण तुझी वस्तू तुला परत करणं मला भाग होतं.

तिनं तुझ्यापासून सुटका मागितली आहे, बायकोच्या बाजूनं तलाक, खुला. येत्या सोमवारी काझीसाहेबांसमोर बसायचं आहे आणि तुझं म्हणणं मांडायला तुलाही रीतसर बोलावणं येईल. तिच्या बाजूनं साक्षीदार मी आहे. चकतीचं सांगणार, सुजलेल्या मनगटाचं सांगणार, आणि आवाज ऐकून मी उठून गेलो तेही सांगणार. हे तुला दुसऱ्या कुणाकडून कळू नये, म्हणून पत्र. ती कुठे आहे ते मला विचारू नकोस, मी सांगणार नाही. तू ये, तुझ्यासाठी खोली झाडून ठेवतो, तू माझाच आहेस. काल अर्ज भरताना काझीसाहेबांनी विचारलं, साक्षीदाराचं नवऱ्याशी नातं काय लिहू? रकाना सोडू का? मी त्यांच्या हातातून पेन घेतलं आणि माझ्या त्या कोंबडीच्या अक्षरात स्वतः लिहिलं, बाप.

तुझाच,
अब्बा