चीवराखालचं अस्तर

३ फेब्रुवारी
आला एकदाचा आमच्या ठाण्याच्या संग्रहालयात! भिक्खूच्या चीवराचा तुकडा — हजारेक वर्षं जुना, पार उत्तरेकडच्या कोरड्या गुंफेतला. आपल्या दमट हवेत असलं कापड टिकतंय कुठलं! चौकोन जोडून शिवलेलं, मध्ये पट्ट्या. भाताची खाचरं आणि त्यांचे बांध असावेत तसं. एका कडेला माती चिकटलेली. मी ब्रश उचलला तर राजरत्न सर ओरडलेच, "मेघना, मातीला हात नाही लावायचा!"

कारण ती भिंतीची माती आहे. चीवर विरलं की त्याची चादर, मग पायपुसणं, शेवटी चिंध्या मातीत कालवून भिंत लिंपायची. टाकायचं काहीच नाही. कोण होता, काय नाव, ठाऊक नाही — पण त्याचं रोजचं जगणं त्या कापडात आहे.

जेवताना आईला सगळं सांगितलं. "मग आपलं काय वेगळं आहे?" आई म्हणाली, आणि मी सकाळी कचऱ्यात टाकलेली माझी पांढरी ओढणी तिने दाखवली. तिने ती काढून, धुऊन वाळत घातलेली. "फरशी पुसायला होईल." हसू आलं.

९ फेब्रुवारी
तुकड्याला खालून अस्तर हवंय. नवीन कापड चालत नाही, खळ असते. खूप धुतलेलं, मऊ सुतीच पाहिजे. आई विहारात गेलेली. तिच्या कपाटाच्या तळाशी एका पिशवीत सापडलं — पांढरं, विरलेलं, नेमकं हवं तसं! चिंध्यांची पिशवी असणार. टराटरा फाडलं, चांगला भाग घेतला, बाकीचं परत कोंबलं.

१४ फेब्रुवारी
अस्तर शिवून झालं. सर खूश. खोपटच्या एसटी स्टँडवर बसची वाट बघताना मीही स्वतःवर खूश!

१५ फेब्रुवारी
आजीचं लुगडं होतं ते.

हौसाबाई आजी छप्पन साली नागपूरला दीक्षेला गेली, ते लुगडं नेसून. आई तेव्हा तिच्या कडेवर. गोष्ट मी शंभरदा ऐकलीय. लुगडं कुठे आहे, हे एकदाही विचारलं नाही.

आई ओरडली असती तर बरं झालं असतं. पिशवी मांडीवर घेऊन बसली. "मी गेल्यावर अंगावर टाकायला ठेवलेलं गं." मग उठून चहा टाकला.

परक्या भिक्खूने त्याच्या कापडाचं काय केलं ते मला पाठ. माझ्या घरातल्या कपाटात काय आहे ते ठाऊक नाही!

२० फेब्रुवारी
सरांना विचारलं, अस्तर उसवू? "उसवलंस तर चीवराचे धागे तुटतील." संपलंच.

आईला सांगितलं. "राहू दे. भिक्खूच्या अंगाखाली आहे ना." पण हे म्हणताना तिने माझ्याकडे बघितलं नाही.

जिना चढताना तिला दम लागतो. डॉक्टरचं नाव काढलं की विषय बदलते. आज मध्येच विचारत होती, "ते बांध कसे घालतात म्हणालीस? चौकोन आधी की पट्ट्या?" मी फोनमध्ये. काहीतरी सांगून मोकळी झाले.

८ मार्च
प्रदर्शन सुरू झालं. आई आली नाही. "पुढच्या आठवड्यात बघू." फलकावर मीच लिहिलंय — अस्तर : जुने सुती कापड. बस्स, एवढंच! वाचून लाज वाटली. सोमवारी बदलून घेईन, आजीचं नाव घालीन. मग आईला घेऊन जाईन.

१९ मार्च
आई काल गेली.

विहारातल्या कल्पितामावशींनी कपाटातली ती पिशवी मागितली. "तुझ्या आईच्या अंगावर टाकायचंय, कांताने मला सांगून ठेवलंय." आत चादर होती. लुगड्याचे चौकोन, मध्ये बांध घालून जोडलेले. एका जागी चौकोन कमी पडलेला, तो ठाण्याला काचेखाली आहे. तिथे माझी ओढणी लावली होती.