एक बोट दोरी

१४ जानेवारी, बुधवार
परवा सकाळी धाकटा भाऊ विलास सिलतऱ्याच्या कारखान्याच्या बंद शेडमध्ये पंप बंद करायला गेला आणि ढिलीत सापडला; आतला वेळ सैल पडून जवळजवळ थांबलेला. रीतीप्रमाणे सगळं केलं होतं. दारात उदबत्ती धरली. धूर हलला, म्हणजे आतला वेळ नीट चाललाय असं समजून, कमरेला दोरी बांधून गेला. धूर हलला होता तो शेजारून गेलेल्या ट्रकच्या हवेनं. दारात दोरी धरून उभ्या साहूभैयांच्या हे नंतर लक्षात आलं.
आज दारातून पाहिला. परत फिरलाय, तोंड दाराकडे, उजवा पाय उचललेला. डोळे मिटलेले. जिवंत आहे, फक्त पापणी लवते आहे. दारापासून बारा पावलं.
आईला सांगितलं, डबल ड्यूटीवर आहे.
आमच्या हिंदी पेपरात चार ओळी मीच लिहिल्या. ‘सिलतरा में फिर ढील, एक कर्मचारी फँसा.’ नाव टाकलं नाही.

२७ जानेवारी
वि.चे डोळे उघडले. पंधरा दिवसांत एक पापणी.
एक पाऊल पंचवीस दिवस धरलं, तर बारा पावलं म्हणजे दिवाळी. तारीख मिळाली की मला बरं वाटतं. एवढी वर्षं पेपरचं पान वेळेवर छपाईला सोडण्यात गेली.
दोरी आता घरच्यांनी धरायची. साहूभैयांनी मागे उरला गावातली ढील पाहिली आहे, त्यांनी शिकवलं. रोज साधारण एक बोट दोरी येते. घेतली नाही तर त्याच्या पायात अडकेल. ओढली तर आपला दिवसभराचा जोर त्याला एका झटक्यात लागेल. “खींचना नहीं है भैया. जितनी आए, उतनी लेना.” सकाळी जाऊन दारात बसतो, बोट घेतो, खुंटीला गाठ मारतो, दुपारी ऑफिस.
आईला कळलंच. “पंधरा दिवसांची डबल ड्यूटी? मले पागल समजून राहिला का?”
मग सगळं सांगितलं. तिनं एवढंच विचारलं, “जेवला होता का थो?”

८ फेब्रुवारी
वि.चा पाय टेकला. मुलीला, प्राचीला, दाखवायला नेलं. काका हसल्यासारखा दिसतो म्हणाली. तसा दिसतो खरा. पंप बंद झाला म्हणून असेल.

२३ फेब्रु.
आईचे रिपोर्ट आले. डॉक्टरांना सरळ विचारलं, दिवाळी पाहील? ते म्हणाले, “दिवाळीचं आत्ता नका बोलू. पावसाळ्याचं बोलू.”
येताना गुढ़ियारीचं रेल्वे फाटक बंद होतं. मालगाडी जाईपर्यंत आई रिक्षात डबे मोजत बसली.

२६ फेब्रु.
आज चार बोटं घेतली.
आली नव्हती. ओढली.
साहूभैया चहाला गेले होते.

११ मार्च
आता कुणालाही दिसावं इतकं झालंय. वि.चा तोल जातोय. कंबर पुढे, खांदे मागे, डावा पाय जागच्या जागी. चेहऱ्यावरचं हसू निघून चाललंय, त्या जागी आश्चर्य येऊ लागलं आहे. रोज थोडं थोडं.
साहूभैयांनी गाठी पाहिल्या. “कितनी खींचे?”
“चार.”
ते चहाला गेले. माझा चहाही घेऊन आले, ते शिवीपेक्षा जास्त लागलं.
पडायला महिना-दीड महिना. सावरून उठायला सहा-सात महिने. मग उरलेली पावलं. पुढच्या वर्षीची होळीही निघून जाईल. आईला भेटावा म्हणून काही महिने वाचवायला गेलो आणि वर्ष घालवून बसलो.

१९ मार्च
आईला आज सांगितलं. रागावेल वाटलं होतं.
“तू लहानपणी बी आढीतले आंबे दाबून दाबून नासवे.”
मग भिंतीकडे तोंड करून पडली. तिथूनच म्हणाली, “मले बी आत नेऊन ठेव.”
“काय?”
“आत माह्ये दिवस बी पुरतीन ना? बाहेर मी दिवाळी पाहत नाही. आत मले चार घटका बी लय झाल्या.”
“आणि करशील काय तिथं? कप उचलत नाही तुझ्यानं.”
“मी काय त्याले उचलून राहिली? पडल्यावर पोट्टा पयले इकडंतिकडं पाह्यते. मी दिसली की उठते.”
पोट्टा सत्तेचाळीसचा आहे.

२ एप्रिल
साहूभैयांना विचारलं, चाकाची खुर्ची ढकलून दिली तर? नाही म्हणाले. पुढची चाकं आत गेली की अडतात, मागची जोरात येतात, खुर्ची उलटते. माणूस ढिलीच्या कडेवर अर्धा आत अर्धा बाहेर राहता कामा नये. उचलून, एका ढांगेत नेलं पाहिजे. नेणाऱ्यालाही दोरी.
नेणारा म्हणजे मी.
जाणं, तिला नीट बसवणं, परतणं. घाई न करता पंधरा सेकंद. बाहेर दोन वर्षं. तोवर नोकरी संपलेली असेल, त्याचं काही नाही. पण प्राचीची आई, संध्या, जाऊन सहा वर्षं झाली. मीही आत गेलो तर प्राची घरात एकटी, आणि तिच्या हातात तीन दोऱ्या.
आईला हे बोललो. “तिले विचार,” म्हणाली. “मले काहून विचारतं?”

४ एप्रिल
विचारलं. प्राचीनं पोळी लाटणं थांबवलं नाही. “दादी को ‘ना’ कौन बोलेगा, आप?”
“तुझं लग्न, नोकरी...”
“सुबह एक घंटा लगता है, पापा. कोचिंग मेरी ग्यारह बजे से है.”
पोळी तव्यावर टाकत: “आप लौटोगे तो मैं छब्बीस की रहूँगी. पहचान लेना.”
पोळ्या रोजच्याइतक्याच केल्या. विलासच्या धरून.

५ एप्रिल, रविवार
सकाळी प्राचीला दारात बसवलं. शिकवू लागलो: ओढायची नाही, आलेली तेवढी...
“पता है. खींची तो आपने थी.”
बोलून झाल्यावर माझ्याकडे पाहिलं नाही. बोटभर दोरी घेतली, गाठ मारली. गाठ माझ्यापेक्षा चांगली मारते.
वि.चा हात पुढे आलाय, पंजा उघडा, काहीतरी धरायला. धरण्यासारखं समोर काही नाही.
आईनं निळं लुगडं काढून ठेवलंय. कंगवा, गोळ्या, आणि डब्यात विलासला चिवडा. पंधरा सेकंदांत कोण खातं म्हटलं तर, “तू नको खाऊ.”
मी अजून हो म्हटलेलं नाही. कुणी विचारतही नाही.
उद्या सातला शेडवर. साहूभैया रस्त्यावर उभे राहून ट्रक थांबवणार. उदबत्ती दोनदा लावू. धूर आपोआप हलला, तर ढील उठली, विलास पडेल तो आमच्या समोर, आणि धावत जाऊन धरता येईल. धूर थांबलेला दिसला, तर आईला उचलायचं. वजन फारसं राहिलेलं नाही तिचं.
वही प्राचीकडे देतो आहे. ढांग केवढी पडते ते आज अंगणात तीनदा पाहून घेतलं.