वेळ थांबवायचं बटण

माणगाव,
१० नोव्हेंबर २०२५

चि. सम्यक यास,

जय भीम. एरवी मी आधी 'सप्रेम' लिहिते आणि शेवटी अ. उ. आ. लिहिते. आज दोन्ही गाळलं आहे, आणि ते नजरचुकीने नाही.

फोन का केला नाही म्हणशील. लकवा झाल्यापासून फोनवर माझी जीभ अडखळते आणि पलीकडचं माणूस माझं वाक्य स्वतःच पुरं करून टाकतं. तुझा बाप तर दुसऱ्या शब्दालाच पुरं करतो. कागदावर कोणाला मध्ये तोंड घालता येत नाही. अक्षर डाव्या हाताचं आहे, लागत नसेल तर दोनदा वाच.

आता मुद्दा. माझ्या कॉम्प्युटरवरच्या खेळाला तू मला न विचारता हात का लावलास?

तो जुना कॉम्प्युटर तूच दिलास, खेळही तूच घालून दिलास. एक बाई करायची, तिला घर बांधून द्यायचं, तिचं जेवणखाण, झोप, नोकरी सांभाळायची. मी बाईचं नाव जनी ठेवलं. पण खेळ दोन हातांच्या माणसासाठी केलेला, डावा बटणांवर आणि उजवा माउसवर. माझा उजवा मार्चपासून खांद्याला नुसता टांगलेला. म्हणून मी सेटिंगमध्ये शिरले आणि एकेका बटणाचं काम बदलत गेले. बत्तीस वर्षं तहसील कचेरीत टायपिस्ट होते मी. कुठलं बोट कुठे पोचतं आणि किती वेळात पोचतं हे मला कोणी शिकवायला नको. कंट्रोलर मांडीवरच्या उशीत खुपसून त्याची डावी दांडी अंगठ्याने ढकलायची, ते माउसचं काम. मग तोच हात उचलून की-बोर्डवर न्यायचा. तेवढ्यात जनीचं दूध उतू जातं. म्हणून वेळ थांबवायचं काम मी सगळ्यात लांब बटणाला, स्पेसबारला दिलं आणि तो उजव्या हाताच्या हवाली केला. मूठ चार बोटं वर उचलायची आणि टाकायची. मेल्या हाताला आठ महिन्यांत तेवढं एकच काम जमलं. व्यायाम घेणारी पूनम तर टाळ्या वाजवायची. हे सगळं बसवायला मला चार महिने लागले.

दोन तारखेच्या रविवारी तू आणि रामा आलात. रामा, म्हणजे तुझा बाप, माझ्याकडे 'ही एकटी राहू शकते का' हेच बघायला आला होता, हे मला ठाऊक होतं. म्हणून मीच हौसेने म्हटलं की बस, तुला माझा खेळ दाखवते. पुढचं तू पाहिलंस. जनीच्या शेगडीला आग लागली आणि मी मूठ टाकली. वेळ थांबला नाही, पडदाच उडी मारून खेळातल्या शेजारच्या माणसावर गेला. मी पुन्हा मूठ टाकली, पुन्हा टाकली. स्पेसबार बडवत राहिले, आणि घर जळत राहिलं. रामाने माझं मनगट धरलं आणि तुझ्याकडे बघून मान हलवली. निघताना म्हणाला की अक्का, तीस तारखेला टेम्पो घेऊन येतो, आता ऐरोलीलाच चल.

मलाही ते पटलं होतं. सहा दिवस मी असं धरून चालले की माझी अक्कल गेली. आपण घर सोडायचं हे मनाशी ठरवून भांडी बांधायला काढली. रडलेसुद्धा, हे तुला कळू दे. काल सहज ती बटणांची यादी उघडली, तर सगळी बटणं मूळ जागी! शेजारच्या नीराबाईला विचारलं. ती म्हणाली की तुमची आंघोळ चालली होती तेव्हा सम्यकच बसला होता तिथं, म्हणत होता आत्याचं सगळं उलटंपालटं झालंय, नीट करून ठेवतो.

नीट! कोणासाठी नीट?

शेवटी 'लोभ असावा' असं लिहायची हाताला सवय आहे. आज हात आवरला आहे.

जयमाला

•

ऐरोली,
१४ नोव्हेंबर २०२५

आदरणीय आत्यास,
सविनय जय भीम, वि. वि.

पत्र दोनदा नाही, चारदा वाचलं. चूक माझीच आहे. पण माझंही ऐकून घे.

ती यादी उघडल्यावर मला वाटलं, काहीतरी चुकून दाबलं गेलंय. डब्ल्यूवर 'रद्द करा', स्पेसबारवर 'वेळ थांबवा', निम्मी बटणं रिकामी. मी दहा वर्षं खेळ खेळतोय, असली मांडणी कोणाचीच बघितली नाही. तू झगडत बसली असशील, आपण मुकाट्याने दुरुस्त करून ठेवू, तुला बरं वाटेल, एवढंच डोक्यात होतं. 'मूळ सेटिंग' दाबायला दोन सेकंदं लागली. त्यामागे चार महिने आहेत हे मला कसं कळणार होतं?

आणखी एक सांगतो, मग हवं तेवढं रागव. परत येताना पेणला चहाला थांबलो तेव्हा माझ्या लक्षात आलं. तू सारखी एकाच बटणावर मूठ टाकत होतीस, तेही नेमकी आग लागल्यावर. ते डोकं फिरलेल्या माणसाचं काम नव्हतं. बाबा समोरच बशीत चहा ओतत होते. मी बोललो नाही.

का, तर मलाही तू इकडे यायला हवी आहेस. जुलैत तू न्हाणीघरात पडलीस, पाऊण तास तशीच होतीस, आणि आम्हाला कळवलं नाहीस. नीराबाईकडून कळायला सप्टेंबर उजाडला. तुला नुसता खेळाचा राग येतो. मला रोज सकाळी फोनची रिंग वाजली की आधी तू पडलेली दिसतेस, त्याचा राग मी कोणावर काढू? तू लपवलंस तर चालतं आणि मी गप्प राहिलो तर मी चोर?

इथे खोली तयार आहे. आईने खिडकीला नवा पडदा शिवला आहे. बटणं मी परत लावून देईन, तू फक्त सांग कुठे काय होतं.

लोभ थांबवलास तरी माझा इकडून चालूच आहे.

तुझा,
सम्यक

•

माणगाव,
१८ नोव्हेंबर २०२५

चि. सम्यक यास,
जय भीम. 'सप्रेम' याही खेपेला नाही.

तुझं पत्र वाचेपर्यंत मी तुला अडाणी समजत होते. आता कळलं की तू पेणपासून जाणूनबुजून गप्प आहेस. अडाणीपणाचा राग दोन दिवसांत उतरतो रे. याचा उतरत नाही. तुझ्या बापाला मी शाळेत घातलं, त्याच्या नोकरीचे अर्ज मी टाइप केले, आणि त्याने माझं मनगट धरून मान हलवली ती तुझ्यामुळे. तू चहा पीत बसलास.

न्हाणीघराचं म्हणतोस, तर हो, पडले. लपवलं तेही खरं, आणि ते चुकलं. पण त्यानंतर काय केलं ते विचारलंस का? आधी जनीचं न्हाणीघर बदलून बघितलं. दार कुठे असलं तर डाव्या हाताला सोपं, बादली कुठे, उजेडाचं बटण कुठे, हे सगळं तिच्या घरात मांडून, तिला चालवून बघितलं. मग सुतारकाम करणाऱ्या कमलेशला बोलावलं आणि माझ्या घरात तसंच करून घेतलं. कडी डावीकडे आली, भिंतीला दांडा आला, शेगडी ओट्याच्या दुसऱ्या टोकाला गेली. तू आलास तेव्हा त्या दांड्याला टॉवेल लटकवून गेलास. तो कशासाठी आहे हे तुला दिसलं नाही.

बटणं लावून देतो म्हणतोस. नकोत. मी माझी लावली आहेत, तीन दिवसांत लागली, कारण बोटांना सगळं पाठ होतं. 'मूळ सेटिंग' कोणाचं मूळ, एवढा विचार कर फक्त. माझं मूळ आता हे आहे.

ऐरोलीच्या खोलीतली खिडकी, कडी, नळ, दिव्याचं बटण, सगळं तुमच्या हाताचं असेल. तिथे मला पाणी हवं तर हाक मारावी लागेल. हाक मारताना माझी जीभ अडखळेल, आणि कोणीतरी माझं वाक्य पुरं करून चहा आणून देईल. पडदा चांगला शिवला असेल, तुझ्या आईचा हात सुबक आहे. पण मी तिथे जनीपेक्षा वाईट जगेन. जनीला निदान चालवणारी मी आहे.

आता ऐक. रामाला मी सांगणार नाही. मी सांगितलं तर तो म्हणेल आजारी बाई सबब काढते. तुझ्या तोंडून सांग. तीस तारखेच्या आत सांग, आणि पेणच्या चहासकट सांग. मग त्याला टेम्पो आणायचा तर आणू दे.

लोभाचं नंतर बघू.

जयमाला

•

ऐरोली,
२४ नोव्हेंबर २०२५

आदरणीय आत्यास,
सविनय जय भीम, वि. वि.

सांगितलं. पेणच्या चहासकट.

बाबा जेवत होते. आधी त्यांना कळलंच नाही, बटण म्हणजे काय आणि बदललं म्हणजे काय. मग मी माझ्या कॉम्प्युटरवर तुझ्या पत्रावरून जमेल तशी मांडणी लावली, कंट्रोलर उशीत खुपसला आणि त्यांना बसवलं. उजवा हात त्यांनी स्वतःच पाठीमागे पट्ट्यात खोवला. दीड तास बसले. तीन वेळा घर जळालं, एकदा त्यांचा माणूस उपाशी निजला. आई हसायला लागली तर तिच्यावर खेकसले. चौथ्या खेपेला त्यांनी पट्ट्यातून हात काढला, मूठ केली आणि तू टाकायचीस तशी स्पेसबारवर टाकली. वेळ थांबला. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, पण मी ते बघितलेलं त्यांना आवडलं नसतं.

मग माझ्यावर इतके चिडले की शेजारचे दार उघडून बाहेर आले. ते काय काय म्हणाले ते पत्रात लिहिण्यासारखं नाही. त्यात मी खरा होतो असं एकदाही आलं नाही, आणि मी नव्हतोच. दोन दिवस ते माझ्याशी बोललेले नाहीत.

पण आत्या, टेम्पो त्यांनी रद्द केलेला नाही. आईने विचारलं तर म्हणाले की ठरलंय तर जाणार. त्यांच्या मनात काय आहे मला खरंच माहीत नाही. मला सोबत येऊ नको म्हणाले आहेत.

मला तुझी माफी हवी आहे, पण मागायला तोंड नाही. तेवढं वाक्य तू माझ्यासाठी पुरं केलंस तर बरं होईल.

तुझा,
सम्यक

•

माणगाव,
२ डिसेंबर २०२५

चि. सम्यक यास,
सप्रेम जय भीम.

शब्द परत आला आहे, बघ. राग गेला असं मात्र समजू नकोस. अजून आहे, अधूनमधून भांडी आपटताना वर येतो.

रामा रविवारी नऊ वाजताच आला, ड्रायव्हरशेजारी बसून. घरात शिरला आणि कडी बघितली, न्हाणीघरातला दांडा हलवून बघितला, ओट्यापाशी डावा हात पुढे करून शेगडीचं बटण फिरवून बघितलं. मी आपली खेळ लावून बसले. त्याला बस म्हटलं नाही, तो स्वतःच बसला. जनीने वरण-भात केला, वाढला, ताट घासलं. मध्ये एकदा माझा हात उशीवरून की-बोर्डकडे निघाला तर रामाचा हात मदतीला पुढे आला. मी फाडकन मारला. पन्नाशी उलटलेला माणूस, लहानपणी पाटीवर चुकला की मी मारायचे तेव्हा कळवळायचा, तसाच कळवळला. मग मी मूठ टाकली, वेळ थांबवला, आणि त्याच्याकडे वळून सावकाश माझं पूर्ण वाक्य बोलले. दोन-तीन मिनिटं लागली असतील. मी इथंच राहणार, पडले तर लपवणार नाही, रोज सकाळी सातला तुम्हाला एक रिंग देईन, आणि सव्वासातपर्यंत आली नाही तर नीराबाईकडे चावी आहे. तो मध्ये एकदाही बोलला नाही. लकवा झाल्यापासून पहिल्यांदा.

नंतर खऱ्या शेगडीवर भात आणि सुकटीचं कालवण केलं. तो दोनदा भात मागून जेवला. म्हणाला की मीठ जास्त झालंय. खरंच झालं होतं, पण ते पहिल्यापासूनच होतं माझ्या हाताला.

जेवल्यावर ड्रायव्हरला म्हणाला की जा बाबा, रिकामाच जा. मी म्हटलं रिकामा कशाला? आतल्या खोलीतलं मोठं लोखंडी कपाट दिलं. कमलेश आणि ड्रायव्हरने उचललं. रामा आधी नको नको म्हणाला, अक्का, ते तुझ्या पहिल्या पगाराचं, ते कशाला देतेस. पण हँडल एका हाताने खाली दाबून धरायचं आणि दुसऱ्याने दार ओढायचं, तेव्हा ते उघडतं. आठ महिने माझ्या चांगल्या साड्या त्यात अडकून पडल्या होत्या आणि मी कोणाला सांगितलं नव्हतं. आता त्या खुल्या फळीवर आहेत.

कपाट त्या खोलीत खिडकीजवळ ठेवा, पडद्याशेजारी शोभेल. उघडायला दोन हात लागतात त्याला. तुमच्या घरात आहेत.

माफी दिली. पुढच्या रविवारी ये. खेळात तुझ्यासाठी बटणांची वेगळी यादी करून ठेवली आहे, तिचं नाव 'पाहुणा'. बाकी कशाला हात लावायचा नाही.

अ. उ. आ. लोभ पहिल्या जागी आणून ठेवला आहे, तिथून हलवू नये.

तुझी आत्या,
जयमाला