टेपवरचा हुंकार

स्टेट कॉलेज, १४ नोव्हेंबर १९८४

आज नायजेरियाहून आलेल्या एका योरुबा भाषेतल्या कवींचं रेकॉर्डिंग केलं. ते कविता लिहीत नाहीत, तोंडीच रचतात. बरीच वर्षं रेडिओत होते, आता स्वतःच्या रेकॉर्ड काढतात. तरी स्टुडिओत एकटे बसले आणि गप्पच झाले. मी काचेबाहेर मशीनपाशी होते.

"रेडिओवर समोर कुणीतरी असायचं. तू आत ये."

"मला भाषा कळत नाही."

"भिंतीलाही कळत नाही. तू निदान मान हलवशील."

मी आत गेले. समोर बसले. त्यांनी सुरुवात केली, आणि पहिली ओळ संपताच मी "हं" म्हणाले. का? लहानपणी माझा हुंकार थांबला की अप्पा गोष्ट थांबवायचे, म्हणून असेल. मग मी म्हणतच राहिले.

संध्याकाळी टेप ऐकली. ओळीओळीमागे माझं "हं". रेकॉर्डिंगमधला दोषच हा. ओळींच्या मधे आहे, ब्लेडने टेप कापून सहज निघेल. त्यांना विचारलं.

"काप. मग लोक म्हणतील, म्हातारा बोलत होता कुणाशी?"

कापलं नाही. पुन्हा ऐकलं, कविता नाही, ते "हं". घर सोडून या परक्या देशात आल्यापासून मी कुणाशीच इतक्या मऊ आवाजात बोललेले नाही.