केसाचा रफू

प्रिय धाकटे,

पाकिटात पत्राशिवाय आणखी एक पुडी आहे. ती आत्ता सोडू नकोस. लहानपणी कुठलीही पुडी आधी फोडायचीस आणि मग कोणाची म्हणून विचारायचीस, म्हणून बजावते. सव्वीस वर्षांनी ताईचं पहिलं पत्र आणि तेही हुकमानं सुरू होतंय, असं म्हणून हसशील. हस. तुझं हसणंच तुला नडलं, ते पुढे येईलच.

दुकान होतं तिथेच आहे. काचेवरचं 'रफू करून मिळेल' निम्मं उडालंय. खिडकीपाशी आईचं उंच स्टूल आहे, त्यावर आता कोणी बसत नाही. दोन बायका कामाला येतात. त्या रेशमाच्या धाग्यानं रफू करतात, तो दिसतो, आणि गिऱ्हाइकं कुरकुरत का होईना, कपडे घेऊन जातात. मी नजर ठेवते. माझे केस पहिल्यापासून पातळ आणि ठिसूळ, तुला माहीत आहे. सुईत ओवला की तुटायचा. आई म्हणायची, हिचा केस हिच्या बोलण्यासारखा, मध्येच तुटतो. सगळे हसायचे. तूही.

आपल्या घरातल्या बायका स्वतःच्या केसानं रफू करतात. तो दिसत नाही आणि ती बाई जिवंत आहे तोवर आपणहून उसवतही नाही. ती गेली की तिच्या हातचा प्रत्येक रफू त्याच घडीला उघडतो. टाळायचं असेल तर मुलीनं आईचा शेवटचा श्वास जायच्या आत तिची वेणी आपल्या वेणीला गाठ मारून बांधून घ्यायची. मग रफू टिकतात, पण गावात कुठेही कापड ताणलं की त्याची ओढ त्या मुलीच्या डोक्याला बसते. हे तुला पाठ आहे. तरी लिहिते, कारण पुढचं सगळं यावर उभं आहे. मोठी आई, आईची आई, गेली तेव्हा आई मला जन्म देत होती, त्यामुळे गाठ मारायची राहिली. अंत्ययात्रेत न्यायाधीश खांदा द्यायला वाकले आणि त्यांची विजार मागून उघडली. बँकेच्या मॅनेजरच्या दोन्ही काखा, शाळेच्या मोठ्या बाईंचा पदर, सगळी रस्ताभर अब्रू उसवली. आईनं पुढे आयुष्यभर ते हसत सांगितलं आणि शेवटी दर वेळी माझ्याकडे बघून म्हणाली, हिला तेव्हाच यायचं होतं.

आता तुला माहीत नाही ते. तू पाच महिन्यांची असताना निळी पडलीस. मी नऊ वर्षांची होते. शल्यविशारदानं तुझी छाती उघडली, आत हृदयाला भोक दिसलं, आणि त्यानं हात टेकले. शिवायला धरावं तर पडदा फाटतोय, म्हणाला. बाहेर बाकावर बसलेली आई उठून आत गेली आणि म्हणाली, डॉक्टर, जरा सरका, मी रोज याहून विरलेलं कापड हातात घेते. तिनं डोक्यावरचा एक केस उपटला. सुई धरलेला तिचा हात त्या दिवशीही हलला नाही. सात टाके. मी तिचा पदर धरून आत शिरले होते, मला बाहेर काढायचं कोणाला सुचलं नाही, म्हणून मी मोजले. तू गुलाबी झालीस आणि रडायला लागलीस. घरी येताना आईनं माझा दंड इतका घट्ट धरला की वळ उठला. म्हणाली, हिला कधी सांगायचं नाही. आपलं काळीज शिवलेलं आहे हे ज्याला कळतं तो जिने चढत नाही. मी नाही सांगितलं. तू जिने चढलीस, झाडांवर चढलीस, डोक्यावर चढलीस.

माझ्यासाठी आईनं उभ्या जन्मात एकच रफू केला, माझ्या तपकिरी स्वेटरच्या कोपरावर. तो मी मागून घेतला होता.

तू बावीस वर्षांची झालीस तेव्हा आईनं जेवताना जाहीर केलं की वेणी धाकटी बांधून घेईल आणि दुकानही तिचंच. मी घास गिळला. एकतीस वर्षांची होईतोवर मी त्या दुकानात झाडू मारला, कपड्यांना चिठ्ठ्या लावल्या, गिऱ्हाइकांची बोलणी खाल्ली, आणि वारसा दाट केसांना. आज मला कळतं, तिला तुझं काळीज तुझ्याच डोक्याला बांधून मोकळं व्हायचं होतं, दुसऱ्या कोणाच्या मर्जीवर ठेवायचं नव्हतं. तिनं मला ओळखलं होतं. पण तेव्हा मला एवढंच दिसलं की माझं ताट पुन्हा तुझ्यापुढे सरकवलंय.

साहेबांचा कोट आठवतो? नवे साहेब गावाच्या कारभारावर येऊन वर्षही झालं नव्हतं आणि सगळं गाव त्यांच्या सावलीलाही वाट देत होतं. कोटाची पाठ तू रफू केली होतीस, दोन दिवस खपून, आणि काम सुंदर झालं होतं. तू आंघोळीला गेलीस तेव्हा मी सुईच्या टोकानं तुझे केस एकेक करून ओढून काढले आणि भोकाच्या कडा खळीनं चिकटवल्या. मला वाटलं होतं, साहेब ओरडतील, तुझं नाव जाईल, आई मत बदलेल. चौकातल्या मंचावर त्यांनी दोन्ही हात वर केले आणि कोट मानेपासून कमरेपर्यंत फाटला. आत बनियनलाही भोकं होती. सगळं गाव श्वास रोखून उभं राहिलं आणि तू हसलीस. एकटी. खो खो करून, पोट धरून. दुपारी कचेरीतला माणूस विचारायला आला, हे काम कोणाच्या हातचं? मी म्हटलं, धाकटीच्या. खोटं बोलले नाही. केसानं गळा कापतात असं लोक नुसतं म्हणतात, मी तो कापून दाखवला.

संध्याकाळच्या आत सरहद्दीपलीकडे, पुन्हा पाऊल टाकायचं नाही, असा हुकूम निघाला. तू कपड्यांचं बोचकं बांधून आईला शोधत होतीस. मी म्हटलं, ती म्हणते, तोंड दाखवू नकोस. तुझा चेहरा तेव्हा कसा झाला ते मी पाहिलं आणि तरीही वाक्य मागे घेतलं नाही. आई न्हाणीघरात होती. केस धुवायला मीच पाणी काढून दिलं होतं आणि बाहेरून कडी घातली होती. ते धपधप वाजत होतं ना, तू विचारलंस काय वाजतंय, मी म्हटलं शेजारची धुणं बडवतेय, ते आईचे हात होते. कडी काढली तेव्हा ती फेसानं भरलेल्या डोक्यानं रस्त्यावर धावली. कोपऱ्यापर्यंत गेली. पुढे रस्ता रिकामा होता. परत आली आणि तिनं मला काही विचारलं नाही. त्या रात्री साहेबांचा तो कोट तिनंच स्वतःच्या केसानं रफू केला, कारण तसाही हुकूम होता.

तुझी पत्रं येत होती. सगळी आली. आईची नजर रफूनं गेली होती, म्हणून वाचून मी दाखवायचे. तू लिहायचीस की हॉटेलच्या धोबीघरात वाफेनं हात सोलवटले आहेत, तिथल्या बायकांची भाषा येत नाही म्हणून दिवस दिवस तोंड उघडत नाहीस, आईला विचार एकदा येऊ का दारापर्यंत. मी वाचायचे, इथे मजेत आहे, हात मऊ झाले आहेत, घरची आठवण येत नाही. आई मान डोलवायची. म्हणायची, जेवते ना, मग झालं. एकदाच म्हणाली की धाकटीची वाक्यं अलीकडे मध्येच तुटतात. मी दिवा विझवला.

नऊ वर्षांपूर्वी आई गेली, ते तुला परस्पर कळलं असेल. कसं गेली ते मी सांगते. सकाळीच तिचा श्वास लागला. तिनं स्वतःची वेणी छातीवर ओढून घेतली आणि माझ्यापुढे धरली. पांढरी शुभ्र. त्या दिवसांत गावातल्या सगळ्या काळ्या कोटांवर रफूच्या जागी पांढरे ठिपके आले होते आणि लोक त्यांना शाई लावत फिरत होते. म्हणाली, बांध. मी कात्री मांडीवर ठेवून बसले. तिला माहीत होतं आणि मलाही, की मी नाही बांधली तर त्याच घडीला परमुलखात एक बाई जिन्यात कोसळेल. मी म्हटलं, आधी म्हण, दोघींत मी चांगली. तिनं मान भिंतीकडे वळवली. दुपारचे दोन वाजले. तिच्या ओठांवर साय धरली होती, मी पाणी दिलं नाही. शेवटी म्हणाली, तू चांगली. मी म्हटलं, मोठ्यानं. तिनं मोठ्यानं म्हटलं. मग मी गाठ मारली आणि तिची वेणी कापून घेतली. चारच्या सुमारास ती गेली. त्या दिवशी गावात कोणाचं काही उसवलं नाही.

आणि मग ओढ सुरू झाली. कोणी वाकलं, कोणी हात वर केला, कोणी पोराला कडेवर घेतलं, सगळं माझ्या टाळूत. साहेब आता म्हातारे झालेत, चौकात बाकावर तोच कोट घालून बसतात, खोकले की माझ्या मानेला झटका बसतो. अख्खं गाव माझ्या डोक्यावर मिरे वाटतं. पण उजव्या कानशिलाशी एक बारीक ओढ होती, तिला विश्रांती म्हणून नव्हती. टिक, टिक, टिक. पहिल्याच रात्री ओळखलं. तू जिना चढलीस की कळायचं. चार वर्षांपूर्वी सलग तीन दिवस ती नुसती धडधडत होती. काय झालं होतं गं? कोणी गेलं, की कोणी आलं? मी तीन दिवस जेवले नाही. मग ती हळू झाली आणि मी गादीवर बसून रडले. इतक्या वर्षांत माझ्याशी बोलणारं तेवढंच होतं. तरीही सहा वर्षांपूर्वी जुने हुकूम रद्द करायचा कागद घरी आला, घरातल्या एकाची सही हवी होती, तेव्हा मी तो खणात ठेवला. तू येशील आणि विचारशील, ही भीती होती. कागदाची मुदत गेली.

आता मुद्द्याचं. मला दुखणं झालंय. डॉक्टरीणबाई म्हणते, औषध सुरू केलं तर दहा वर्षं जगाल, पण केस मुळासकट जातील. माझे केस गेले तर आईची वेणी कशाला बांधलेली राहील? मी तीन महिने टाळलं. कानशिलाशी हात ठेवून बसून राहिले. हे मोठेपणा म्हणून सांगत नाही, त्या तीन महिन्यांनी माझं नुकसानच झालंय. मला जगायचं आहे, धाकटे. म्हणून आज सकाळी आईची वेणी माझ्या वेणीतून सोडवली. पुडीत तीच आहे. सुटी वेणी महिनाभर जिवंत राहते, असं आई सांगायची. टपालाला वीस दिवस लागतात. तू हे वाचते आहेस, म्हणजे तुझ्या हातात आठ-दहा दिवस आहेत. गाठ मारलीस तर हे गाव तुझं, ज्यांनी तुला जाताना बघून दारं लावली त्यांच्या काखा आणि कोपरं मरेपर्यंत तूच धरून ठेवायची, साहेबांची पाठसुद्धा. नाही मारलीस तर ती सगळी उसवतील, आणि त्यांच्याबरोबर ते सात टाकेही. तुझा वारसा होता, घे. क्षमा मागत नाही, आणि उत्तर लिहायची गरज नाही. आज सकाळपासून माझ्या उजव्या कानशिलाशी काही नाही, इतकी शांतता मला सोसत नाही. महिना भरेल त्या दिवशी मी तपकिरी स्वेटर अंगात घालून आईच्या स्टुलावर बसेन आणि कोपराकडे बघत राहीन.

तुझीच,
ताई